आतल्या माणसाचं नाव

एकतीस वर्षं मी ज्या पुस्तकाची वाट पाहिली ते कुरियरच्या खोक्यातून आलं, आणि ते खोकं भाजी चिरायच्या सुरीने मीच उघडलं. वैदी वर अंघोळीला गेला होता. आमचा हा गृहस्थ अंघोळीला बसला की पाऊण तास खाली येत नाही. त्यामुळे पहिली प्रत मी पाहिली, एकटीने, किचनमध्ये उभी राहून.

मुखपृष्ठ सुरेख होतं. निळसर डोंगर, त्यांच्या पायथ्याशी इंग्रजी अक्षरं: प्राचीन तमिळ प्रेमकविता, खंड पहिला. अनुवाद, के. वैद्यलिंगम. मला वाटलं, बाहेर जागा नसेल, आत दोन्ही नावं असतील. पान उलटलं. आत जागाच जागा होती. पांढरंशुभ्र पान, मधोमध एकच नाव, आणि खाली टोरांटोच्या प्रकाशनाचं बोधचिन्ह.

ते पान मार्च महिन्यात मीच टाइप केलं होतं. वर के. वैद्यलिंगम, खाली जयंती वैद्यलिंगम. त्याचं वर, कारण तो प्रोफेसर, तमिळचा पंडित, वयानेही मोठा. माझी काही तक्रार नव्हती. फाइल जोडून ईमेलचं बटणही मीच दाबलं होतं.

मग मी आभाराची पानं काढली. सत्तावीस नावं. दोन डीन, त्यातला एक वारूनही वीस वर्षं झाली. इतर गावांहून पुस्तकं मागवून देणारी विद्यापीठाच्या लायब्ररीतली बाई. चेन्नईचे तीन पंडित. त्यांपैकी एकाने आमच्या घरी दहा दिवस राहून रोज दोनदा रसम करायला लावलं होतं आणि जाताना मीठ कमी असतं असं सांगून गेला होता. समोरचा ओलेग, जो हिवाळ्यात आमच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करून देतो. वैदीच्या गुडघ्याची फिजिओथेरपिस्ट. ओलेग भला माणूस आहे, त्याचं नाव असावंच. पण सत्तावीस नावं संपली तरी मी आले नव्हते. शेवटी एक वेगळं वाक्य होतं: "आणि ते आतलं माणूस, ज्याचं नाव घ्यायला या कवितांचा संकेत मला मनाई करतो."

हा संकेत खरा आहे, वैदीच्या मनाचा नाही. जुन्या तमिळ कवितेचे दोन भाग असतात. एक बाहेरचा: राजे, लढाया, दानधर्म. त्यात नावं घ्यायची, चांगली ठणकावून घ्यायची. दुसरा आतला, म्हणजे प्रेमाचा. त्यात कुणाचंही नाव घ्यायचं नाही. तो, ती, तिची मैत्रीण, तिची आई, बस. नाव घेतलं की कविता बाहेरची झाली. हे मला एकोणीसशे अठ्ठ्याहत्तर साली आमच्या बेसमेंटमध्ये वैदीनेच शिकवलं, आणि तेव्हा मला ते इतकं आवडलं की आठवडाभर मी त्याच तंद्रीत होते. त्या संकेताची सुरी एक दिवस माझ्याच गळ्यावर फिरेल हे कुणाला माहीत!

कुणी म्हणेल, सत्तरीला टेकलेल्या बाईला हा नावाचा सोस कशाला? म्हणून आमचं काम कसं चालायचं ते सांगते.

मी नागपूरची, इंग्रजी घेऊन एम. ए. झालेली. पुण्यात शिकवत असताना वैदी भेटला. तिरुनेलवेलीचा, संशोधन करायला आलेला. लग्नाला दोन्ही घरांनी नाकं मुरडली. एकाहत्तरमध्ये आम्ही सस्काटूनला आलो. इथल्या चार मराठी घरांत मला मिसेस वैद्य म्हणतात. वैद्यलिंगम त्यांच्या तोंडात बसत नाही, आणि मीही दुरुस्त करायचं सोडून दिलं. मी पब्लिक लायब्ररीत नोकरी केली, आणि कामावर जाण्याआधी रोज सकाळी सहा ते आठ बेसमेंटमध्ये बसले. वैदी कविता मोठ्याने म्हणायचा, पायाने ठेका धरून, तीनदा. मग एकेक शब्द सोडवायचा, अर्ध्या मराठीत, अर्ध्या इंग्रजीत. कुठलं झाड, कुठला पक्षी, कुठल्या प्रदेशात कुठली वेळ, हे सगळं त्याचं. त्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता, हे मी आजही म्हणेन. पण त्याला वाक्य यायचं नाही. शब्द सगळे हजर, कविता गैरहजर. मी ते ऐकून आधी मराठीत लिहायचे, लांब वह्यांमध्ये, कारण मराठीत आलं की मला कळायचं ती बाई कशी बोलत असेल. आणि रविवारी दुपारी त्या मराठीचं इंग्रजी करायचे. वैदी तपासायचा, एखादं फूल बदलायचा. पहिली वही संपली तेव्हा स्वतःहून म्हणाला होता, "दोघांचं पुस्तक. दोन नावं." मी मागितलं नव्हतं.

एक कविता सांगते. डोंगरातल्या शेतात पाखरं हाकलायला बसवलेली मुलगी. तो तिला तिथेच भेटायला येतो. पीक निघतं, भेटायचं निमित्त संपतं. मुळात शब्द एवढेच: कणसं तोडली, धाटं उरली. वैदीने याचं इंग्रजी दोन महिने केलं, आणि ते शेतकी खात्याच्या अहवालासारखं वाटायचं. मी लहानपणी वर्ध्याजवळ मामाच्या गावी ज्वारीच्या राखणीला माळ्यावर बसलेली. हातात गोफण, दिवसभर ओरडून ओरडून घसा बसलेला. सुगी झाली की माळा तसाच उभा असतो आणि आपल्याला तिथे काही काम नसतं. मी वहीत लिहिलं, "कणसं गेली. आता मी कुणासाठी ओरडू?" वैदीने ते वाचलं आणि चष्मा काढून ठेवला. जानेवारी होता, बाहेर उणे पस्तीस. तो म्हणाला, "ही आता माझ्या गावची मुलगी झाली." त्याच्या तोंडून मला मिळालेलं हे सगळ्यात मोठं सर्टिफिकेट. ते कुठे छापलेलं नाही.

तर वैदी अंघोळ करून खाली आला. खोकं उघडलेलं पाहून लहान मुलासारखा धावलाच, गुडघा विसरून. पुस्तक उघडून नाकाला लावलं. मग माझ्याकडे वळला.

"शेवटचं वाक्य वाचलंस?" चेहऱ्यावर नुसता आनंद.

"वाचलं. माझं नाव कुठंय?"

"तेच तर तुझं. जयंती, बाहेरच्यांची नावं घेतली, आतलीचं नाही घेतलं. देअर इज नो हायर ऑनर."

"आणि आतलं पान कुणी बदललं? मी दोन नावं टाइप केली होती."

तो टॉवेलने कान पुसायला लागला. "पब्लिशरचं काहीतरी असेल. हाउस स्टाइल."

मी अर्धा दिवस त्यावर विश्वास ठेवला. खोटं कशाला सांगू, ठेवावासा वाटला म्हणून ठेवला. दुपारी चैत्रालीचा, आमच्या मुलीचा, कॅलगरीहून फोन आला. ती म्हणाली, "ममा, जस्ट ईमेल देम. आय ॲम शुअर इट्स अ मिस्टेक." मी ईमेल केली. संपादक बाईचं उत्तर तासाभरात आलं, अतिशय गोड. दोन एप्रिलला डॉक्टरांनीच, म्हणजे वैदीने, पत्र पाठवून दुसरं नाव काढायला सांगितलं होतं. तमिळ परंपरेतला तो संकेत आमच्या सगळ्यांच्या मनाला फार भिडला, असं तिने लिहिलं होतं. आमच्या सगळ्यांच्या! म्हणजे टोरांटोचं अख्खं ऑफिस भारावून बसलं होतं आणि मला पत्ता नव्हता.

वैदी दुपारचा झोपून उठला तेव्हा मी चहा समोर ठेवला आणि उभी राहिले.

"तुझा संकेत मला शिकवू नकोस. तो कवितेतल्या माणसाला लागतो. कवितेतल्या मुलीचं नाव घ्यायचं नाही. पण कवितेखाली कवीचं नाव असतंच की! प्रत्येक कवितेखाली आहे. ज्यांची नावं हरवली त्यांनासुद्धा जुन्या लोकांनी त्यांच्याच ओळीतला एखादा शब्द उचलून नाव दिलं, बिननावाचं ठेवलं नाही. हेही तूच शिकवलंस. मी कवितेतली बाई नाही, वैदी. मी कवितेखालची आहे."

त्याने कप उचलला. पंडिताला त्याच्याच पोथीतून पकडलं की तो चहा फार हळू पितो.

"प्रकाशन समारंभ होऊ दे," म्हणाला. "मग बोलू."

समारंभ ऑक्टोबरमध्ये टोरांटोजवळ एटोबिकोला होता, एअरपोर्टजवळच्या एका बँक्वेट हॉलमध्ये. आम्ही गौरांगीकडे उतरलो. ती माझ्या नागपूरच्या मैत्रिणीची मुलगी, इथे सॉफ्टवेअरमध्ये आहे, नवऱ्याबरोबर, नंदनबरोबर, कॉन्डोत राहते. तिने मला आपली मोत्यांची माळ घातली. "काकू, आज तुमचाही दिवस आहे." मीही मनात कुठेतरी तसंच धरलं होतं. वाटलं, तीनशे लोकांसमोर वैदी बोलायला उभा राहील, आणि कागदावर नाही तरी तोंडाने बोलेल. त्याने विमानात माझा हात धरला होता. मी वेडी, त्यावरही एक मजला चढवला.

हॉल भरला होता. नादस्वरम, कुंकू, गुलाबपाणी, सगळं थाटात. वैदीला रेशमी शाल घातली, भाषणं झाली. तो बोलायला उठला. तमिळमध्ये सुरुवात केली, मग इंग्रजीत. डीन आले, पंडित आले, ओलेगसुद्धा आला. लोक ओलेगवर हसलेही. मग तो थांबला, आवाज खाली आणला आणि म्हणाला की एक नाव मी घेणार नाही, कारण आमच्या कवितेत आतल्या माणसाचं नाव घेत नाहीत. हॉलमध्ये अशा टाळ्या पडल्या की वरून जाणाऱ्या विमानाचा आवाज ऐकू आला नाही. पुढच्या रांगेतल्या बायका माझ्याकडे वळून डोळे टिपत होत्या.

गौरांगी माझ्या कानाशी म्हणाली, "काकू, ओ माय गॉड, किती रोमँटिक! नंदन तर माझ्या बर्थडे कार्डवरसुद्धा ऑफिसच्या फाइलसारखी सही करतो."

निवेदकाने मिसेस वैद्यलिंगमना स्टेजवर बोलावलं. मलाही शाल मिळाली, त्याच्यापेक्षा थोडी लहान. माइक माझ्या हातात कुणी दिला नाही आणि मी मागितला नाही. गुळाच्या गणपतीसारखी उभी राहिले. याबद्दल मी स्वतःला अजून माफ केलेलं नाही.

पण खरा घाव नंतर बसला. प्रश्नोत्तरं सुरू झाली. एक तरुण संशोधक उभी राहिली, हातात पुस्तक, आत पिवळ्या चिठ्ठ्या. तिने नेमकी ती पाखरं हाकलणाऱ्या मुलीची कविता काढली. म्हणाली, आजवर या कवितेची सगळी भाषांतरं वाचली, पण "आता मी कुणासाठी ओरडू" ही ओळ कुणालाच सापडली नव्हती. मुळात ती शब्दशः नाही, आणि तरी मुळातलीच आहे. सर, ही तुम्हाला कशी सापडली?

वैदीने चष्मा काढला. मला वाटलं, आता. आता तरी. 

"एका हिवाळ्याच्या सकाळी," तो म्हणाला, "ती मला सुचली. उणे पस्तीस होतं बाहेर."

थंडीचा आकडासुद्धा बरोबर सांगितला. मला ओरडावंसं वाटलं. वर्ध्याजवळच्या त्या माळ्यावर माझा घसा बसला होता, त्याचा नाही. माझं लहानपण त्याने तीनशे लोकांसमोर आपल्या नावावर करून घेतलं, आणि वर नम्रपणे मान लववली. जेवताना मी एक इडली उचलली ती शेवटपर्यंत तशीच हातात राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी पियर्सन विमानतळावर गेटपाशी आम्ही शेजारी शेजारी बसलो होतो. विमानाला दीड तास होता. मी म्हटलं, "समारंभ झाला. आता बोल."

तो बोलला. आणि या वेळी संकेताचं सोवळं नेसून नाही, सरळ.

"तुला तमिळ येत नाही, जयंती." तो समोर काचेकडे बघत होता. "आतल्या पानावर तुझं नाव आलं की पहिला प्रश्न हाच. या बाईंना तमिळ येतं का? नाही. मग यांनी काय केलं? मराठीतून केलं. म्हणजे हे पुस्तक तमिळमधून इंग्रजीत आलं नाही, मराठीतून आलं. चेन्नईचे लोक हसतील. म्हणतील, चाळीस वर्षं वैद्यलिंगम काय करत होता? आय विल बिकम अ जोक. या वयात मी जोक झालो तर..."

पुढे त्याला बोलवेना.  अठ्ठ्याहत्तर वर्षांचा माणूस, गुडघ्यावर ती रेशमी शाल घडी करून धरलेली. मला त्याची दया आली, आणि दया आली याचाच संताप आला. इतकी वर्षं मी समजत होते की याला माझी किंमत कळत नाही. तसं नव्हतं. याला माझी किंमत पैन् पै माहीत होती, म्हणूनच तो मला लपवत होता.

"आणि दुसऱ्या खंडावर?" मी विचारलं.

"पहिल्यावर नाही आणि दुसऱ्यावर आहे, असं कसं चालेल? लोक विचारतील ना."

विमानात मी खिडकीशी बसले आणि सस्काटून येईपर्यंत खाली बघत राहिले. खाली नुसते ढग होते.

मला तमिळ येत नाही, हे त्याने किती सहज म्हटलं! लग्नानंतर पहिल्यांदा तिरुनेलवेलीला गेले होते तेव्हा मी पाणी मागितलं तर स्वयंपाकघरातल्या सगळ्या जणी पदर तोंडाला लावून हसल्या. वैदीही हसला. त्यानंतर मी तमिळचा एक शब्द तोंडातून काढला नाही. पण एकतीस वर्षं रोज दोन तास कानावर पडल्यावर काय होतं? शेवटची कितीतरी वर्षं तो एकेक शब्द सोडवून सांगायच्या आधी मला सगळं कळलेलं असायचं. तरी मी त्याला सांगू द्यायचे. सांगताना त्याचा चेहरा फार छान दिसायचा.

परत आल्यावर सोमवारी सकाळी सहा वाजता मी बेसमेंटमध्ये गेले नाही. दुसऱ्या खंडाच्या दोनशे बारा कविता माझ्या वह्यांमध्ये मराठीत तयार होत्या. इंग्रजी व्हायचं होतं. त्या वह्या मी माझ्या कपाटात ठेवल्या आणि किल्ली पर्समध्ये. वैदीने मागितल्या नाहीत. मागायच्या तर काय म्हणून मागायच्या? माझ्या कामाच्या वह्या दे, असं म्हणता येत नव्हतं, आणि तुझ्या वह्या दे, हे म्हणायचं नव्हतं.

आम्ही भांडलो नाही. मी स्वयंपाक करत होते, त्याच्या गोळ्या काढून देत होते, डॉक्टरकडे नेत होते. तो मात्र रोज सहाला खाली जायचा आणि एकटाच काहीतरी लिहायचा. एकदा कपडे धुवायला खाली गेले तेव्हा टेबलावरचा कागद पाहिला. त्याच्या इंग्रजीत प्रत्येक मुलगी 'मेडन' होती आणि प्रत्येक मेडन 'लॅमेंट' करत होती. दोन हजार वर्षं टिकलेल्या बायका त्याने एका कागदावर मारून टाकल्या होत्या. मला हसू यायला हवं होतं. मी वॉशिंग मशीनला टेकून रडले, कारण त्या माझ्याही होत्या, आणि वरच्या कपाटात मी त्यांना कोंडून ठेवलं होतं.

मार्चमध्ये संपादक बाईचा फोन आला. सकाळचे दहा, वैदी समोरच टेबलाशी दलिया खात होता. फोन मी घेतला. पहिला खंड खूप गाजतोय, दुसरा कधी? डॉक्टर म्हणाले होते की दोनशे कविता तयार आहेत.

वैदी हाताने खूण करत होता: हो म्हण, हो म्हण.

"तयार आहेत," मी इंग्रजीत म्हटलं. "पण मराठीत. माझ्या वह्यांमध्ये."

"ओ, हाऊ लव्हली! म्हणजे त्यांच्या नोट्स तुम्ही मराठीत उतरवून ठेवल्यात?"

"नाही. त्यांच्या नोट्स नाहीतच. डॉक्टरांच्या हातची एकही कविता या घरात नाही. पहिल्या खंडातलीही नव्हती. त्या मी लिहिल्या आहेत."

 मग तिचा आवाज आणखी मऊ झाला, म्हाताऱ्या माणसांशी बोलताना होतो तसा. "मिसेस वैद्यलिंगम, इतक्या मोठ्या कामात पत्नीचा किती आधार असतो, आम्हाला कल्पना आहे. आभारातली ती ओळ वाचून मी खरंच रडले होते. डॉक्टर आहेत का जवळ?"

मी सांगून टाकलं होतं, स्वच्छ शब्दांत, आणि तिने ते ऐकलंच नव्हतं. तिच्याजवळ आधीच इतकी सुंदर ओळ होती. मी फोन वैदीच्या हातात दिला आणि त्याच्यासमोर खुर्ची ओढून बसले. आता एका वाक्याचं काम होतं. ती खरं बोलतेय, एवढंच. पुस्तक छापून झालं होतं, टाळ्या वाजून झाल्या होत्या, ऐकणारी फक्त एक बाई होती आणि समोर मी.

त्याने माझ्याकडे पाहिलं. मग खिडकीकडे.

"येस, येस," तो म्हणाला. "नो, नो. माय वाइफ हॅज नॉट बीन वेल. देअर विल बी अ स्मॉल डिले."

त्याने फोन ठेवला, चमचा बशीत ठेवला आणि कठडा धरून बेसमेंटच्या पायऱ्या उतरला. गुडघा दुखत होता, एकेक पायरी दोन पावलांत. मी भांडी विसळली. थोड्या वेळाने खालून आवाज आला. कविता म्हणत होता, पायाने ठेका धरून, पूर्वीसारखी. एकदा म्हटली, दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा. मग थांबला. तिसऱ्यांदा म्हटल्यावर तो थांबायचा आणि मी वही उघडायचे, ही आमची एकतीस वर्षांची रीत.

मी पायऱ्यांच्या वरच्या टोकाला जाऊन उभी राहिले. कविता मला पूर्ण कळली होती. समुद्रकाठची होती. बाई मैत्रिणीला म्हणते, होड्या सगळ्या परतल्या, वाळूवर ओढून ठेवल्या, कोळी जाळी वाळत घालतायत. आणि तू मला विचारतेस मी का जेवत नाही. तिची मराठी माझ्या जिभेवर आयती येऊन बसली होती. त्याच्याही आधी इंग्रजी ओळ दिसत होती. इतकी चांगली ओळ मला पुष्कळ दिवसांत सुचली नव्हती.

"जयंती," त्याने खालून हाक मारली. "ऐकलंस ना? सांग ना मग."

मान वर करून बघत होता. चष्मा कपाळावर, हातात उघडलेली पोथी. या माणसावर मी आयुष्यभर प्रेम केलं. आत्ताही करत होते, तेच तर वाईट होतं.

"एनक्कु तमिळ तेरियादु," मी म्हटलं. मला तमिळ येत नाही.

तिरुनेलवेलीच्या बायका हसल्या नसत्या, इतकं ते नीट उमटलं. वैदीचं तोंड उघडं राहिलं. मग हळूहळू त्याच्या लक्षात आलं, मला किती येत होतं आणि केव्हापासून. त्याने चष्मा डोळ्यांवर ओढला आणि समोरच्या पानाकडे बघत राहिला.

मी दार लोटून घेतलं. ती ओळ मी कुठेही लिहून ठेवली नाही, आणि आता आठवतही नाही.